भिशीचे पैसे शेअर बाजारात: कोल्हापुरातल्या एका घराचं प्रकरण

हे प्रकरण कोल्हापुरातल्या एका कुटुंबाचं आहे. त्यांच्या परवानगीनं लिहिते आहे. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत आणि रकमा हजारांत गोल केल्या आहेत. मी कर-सल्लागार आहे. कोणता शेअर घ्या, कोणता विका हे सांगण्यासाठी सेबीची, म्हणजे शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी नियामकाची, नोंदणी लागते, ती माझ्याकडे नाही, आणि हे मी त्यांना पहिल्याच भेटीत स्पष्ट सांगितलं होतं. घरातला पुतण्या या दोघांना काका-काकी म्हणतो, म्हणून इथेही तेच म्हणते.

लिहायचं कारण असं की या घरात कुणी उधळ्या नाही आणि कुणी जुगारी नाही. काका पगाराचा हिशेब वहीत ठेवणारे, काकी दोन वर्षं न चुकता भिशी भरणाऱ्या. तरी दहा महिन्यांत दीड लाखाला खड्डा पडला. त्या दहा महिन्यांत ‘कोणता शेअर घ्यायचा’ हा प्रश्न रोज निघाला. ‘हा पैसा कशाचा आहे आणि कधी लागणार आहे’ हे मात्र कुणी कुणाला विचारलं नाही. नवशिक्यांची जी प्रकरणं माझ्यासमोर येतात, त्यांतल्या बहुतेकांचं मूळ मला इथेच सापडतं.

पार्श्वभूमी

काका ४६ वर्षांचे. शिरोली एमआयडीसीतल्या एका फाउंड्रीत सुपरवायझर आहेत, हातात येणारा पगार ४२ हजार. काकी घरी शिवणकाम करतात. लग्नसराईत महिन्याला दहा हजारांपर्यंत मिळतात, एरवी कमी. करवीर तालुक्यात भावाभावांत वाटून आलेला एकरभर ऊस. मुलगी २०२५ ला बारावीत, पुढे फार्मसीला जायचं तिचं ठरलेलं. कर्ज नाही. पतसंस्थेत तीन पावत्या मिळून ४ लाखांची ठेव, एलआयसीची एक जुनी पॉलिसी आणि काकींचे दागिने. आपल्याकडे अशी घरं गल्लोगल्ली आहेत.

भिशी चोवीस जणींची, महिना ५ हजारांची. काकींनी मुद्दाम शेवटचा नंबर घेतला आणि एप्रिल २०२४ मध्ये १ लाख २० हजार उचलले. ते मुलीच्या प्रवेशासाठी होते. काकांकडे बोनस आणि शिल्लक मिळून ८० हजार होते. हे सगळे दोन लाख काकांच्या बँक खात्यात येऊन पडले. त्या दिवसांत बाजार तेजीत होता आणि कँटीनमध्ये जेवताना रोज कुणी ना कुणी कमाईचा स्क्रीनशॉट दाखवत होतं.

खातं उघडलं तो अर्धा तास

मे महिन्यात पुतण्या पुण्याहून घरी आला होता. काकांनी विषय काढला आणि त्यानं तिथेच बसून त्यांच्या मोबाइलवर डिमॅट (शेअर ठेवायचं) आणि ट्रेडिंग (खरेदी-विक्रीचं) खातं उघडून दिलं. पॅन, आधारचा ओटीपी, बँकेच्या रद्द चेकचा फोटो, स्क्रीनवर बोटानं सही. हल्ली एवढंच लागतं, आणि ही सोय चांगलीच आहे.

पण त्या अर्ध्या तासात तीन गोष्टी घाईत उरकल्या गेल्या. काकांच्या फोनला कारखान्यात रेंज नसते म्हणून खात्याला मोबाइल नंबर आणि ईमेल पुतण्याचा दिला. नॉमिनीच्या जागी ‘नको’ निवडलं, नंतर बघू म्हणून. आणि ‘असू दे, पुढंमागं लागलं तर’ म्हणत पगाराची स्लिप जोडून एफ अँड ओ, म्हणजे फ्युचर्स आणि ऑप्शन्सचा (भाव वर जाईल की खाली यावर ठरावीक मुदतीचे सौदे) विभागही चालू करून ठेवला. शेअर खरेदी-विक्रीसाठी हा विभाग लागत नाही. या विभागासाठी उत्पन्नाचा पुरावा वेगळा मागतात, तो त्यातली जोखीम मोठी असते म्हणूनच.

यांतल्या दोन गोष्टी पुढे आडव्या आल्या.

४ जून आणि चुकीचा धडा

काकांच्या पहिल्या दोन खरेद्यांना मी नावं ठेवणार नाही. एक मोठी खासगी बँक, एक औषध कंपनी, दोन्ही मिळून ६० हजार. दोन्ही कंपन्यांचा धंदा सांगता येण्याजोगा, नफा वर्षानुवर्षांचा. शेअर म्हणजे कंपनीच्या मालकीतला बारीकसा वाटा आणि कंपनी कमावत राहिली तर त्या वाट्याची किंमत वाढते, एवढं काकांना नीट कळलं होतं.

मग ४ जून २०२४ आला. लोकसभेचा निकाल. आदल्या दिवशी निफ्टी, म्हणजे पन्नास मोठ्या कंपन्यांच्या भावांचा निर्देशांक, तीन टक्क्यांवर वाढून बंद झाला होता आणि निकालाच्या दिवशी तो सहा टक्क्यांच्या आसपास कोसळला. तीस कंपन्यांचा सेन्सेक्स एका दिवसात ४,३०० हून जास्त अंकांनी खाली. काका पहिल्या पाळीला होते आणि फोन लॉकरमध्ये होता. संध्याकाळी घरी येऊन बघितलं तर चार-साडेचार हजार कमी झालेले. रात्री झोप लागली नाही असं ते सांगतात. पण त्यांनी काही केलं नाही. शुक्रवारी, ७ जूनला, निफ्टी ३ जूनच्या वर बंद झाला. काकांचे पैसे परत आले.

घाबरून विकलं नाही हे चांगलंच झालं. पण त्यातून त्यांनी घेतलेला अर्थ पुढे महागात पडला. माझ्यासमोर त्यांनी तो असा सांगितला: “म्याडम, पडलं तरी उठतंयच की. तीन दिवसांत उठलं.”

मी त्यांना कागदावर दोन जुन्या पडझडी लिहून दाखवल्या. जानेवारी २०२० मध्ये निफ्टी १२,३०० च्या वर होता, २३ मार्चला ७,६१० वर आला आणि जुनी पातळी गाठायला नोव्हेंबर उजाडला. जानेवारी २००८ मध्ये सेन्सेक्स २१,००० च्या वर गेला होता. त्याच ऑक्टोबरात तो ८,५०० च्या आसपास होता, आणि पुन्हा २१,००० ला शिवला तो नोव्हेंबर २०१० मध्ये. म्हणजे एकदा तीन दिवस, एकदा दहा महिने, एकदा पावणेतीन वर्षं. किती दिवसांत उठणार हे बाजार ठरवतो आणि फी कधी भरायची हे कॉलेज ठरवतं. शिवाय हा सगळा हिशेब निर्देशांकाचा आहे. पन्नास किंवा तीस मोठ्या कंपन्या मिळून उठतात. एखादी एकटी कंपनी पडली तर ती उठेलच असा नियम कुठेही नाही.

१८ रुपयांचा ‘स्वस्त’ शेअर

ऑगस्टमध्ये काका मोबाइलवरच्या एका टिप देणाऱ्या ग्रुपमध्ये सामील झाले. तिथे एका छोट्या कंपनीचं नाव रोज येत होतं. भाव १८ रुपये. बँकेचा शेअर हजारावर आणि हा १८ ला, म्हणजे हा स्वस्त, असा काकांचा समज झाला. नवशिक्यांमध्ये हा समज इतका पक्का असतो की त्यावर थोडं थांबायला हवं.

एका शेअरचा भाव एकट्यानं काहीच सांगत नाही. त्याला एकूण शेअर्सच्या संख्येनं गुणलं की बाजार त्या अख्ख्या कंपनीची किंमत काय लावतोय ते कळतं. या कंपनीचे १२ कोटी शेअर होते. भाव पुढे ४४ ला गेला तेव्हा कंपनीची किंमत झाली ५२८ कोटी. वर्षाचा नफा होता ८० लाख. म्हणजे नफ्याच्या ६६० पट. त्यांच्या बँकेच्या शेअरला बाजार नफ्याच्या वीसपटीच्या आतबाहेर भाव देत होता. मग स्वस्त कोणता?

हे गणित तेव्हा कुणी मांडलं नाही, कारण रोज अप्पर सर्किट लागत होतं. सर्किट म्हणजे एका दिवसात भाव किती टक्के हलू शकतो त्याची मर्यादा, शेअरप्रमाणे २, ५, १० किंवा २० टक्के. या शेअरला ५ टक्के होती. घेणारे रांगेत, विकणारा कुणी नाही, म्हणून भाव रोज पाच टक्क्यांनी वर. काकांना शेअर मिळेपर्यंत भाव बराच चढला होता. त्यांनी टप्प्याटप्प्यानं ४,००० शेअर घेतले, सरासरी ३१ रुपयांनी, एकूण १ लाख २४ हजार. भाव ४४ ला पोचला तेव्हा स्क्रीनवर ५२ हजारांचा नफा दिसत होता.

नफा विक्री झाल्यावर खिशात येतो. काकांनी त्या आठवड्यात विकायचं ठरवलंही होतं, पण ग्रुपवर ‘१०० चं टार्गेट’ असा मेसेज आला आणि ते थांबले. पुढच्या सोमवारी पहिलं लोअर सर्किट लागलं. त्यांनी लगेच विकायला घेतलं. डिमॅटमधून शेअर विकताना डिपॉझिटरीकडून, म्हणजे शेअर जिथे जमा असतात त्या संस्थेकडून, टीपिन (गुप्त आकडा) आणि ओटीपीची खातरजमा होते, आणि तो ओटीपी गेला पुतण्याच्या फोनवर. पुतण्या ऑफिसच्या मीटिंगमध्ये. त्याचा फोन आला तोवर बाजार बंद व्हायला आला होता आणि विकणाऱ्यांची रांग लाखो शेअर्सची झाली होती. आता घेणारा कुणी नव्हता. ४१.८०, ३९.७०, ३७.७० असं रोज सकाळी सव्वानऊला बाजार उघडताच शेअर पाच टक्के खाली जाऊन गोठायचा. काका रोज ऑर्डर टाकत होते आणि रोज साडेतीनला ती रद्द होत होती. डिसेंबरमध्ये एकदाची १४ रुपयांना विक्री झाली. ५६ हजार हातात आले, ६८ हजार गेले.

या खेळाची पद्धत ठरलेली आहे. ज्यांच्याकडे आधीपासून शेअर असतात तेच ग्रुप चालवतात किंवा चालवून घेतात, भाव चढवतात, आणि गर्दी आत आली की आपला माल तिच्या गळ्यात मारतात. सेबी अशांवर कारवाई करते, आदेशही निघतात, पण तोवर काकांसारख्याचे पैसे गेलेले असतात.

भरून काढायची घाई

खरं नुकसान इथे थांबवता आलं असतं. काकांच्या खात्यात विक्रीचे ५६ हजार आणि आधीचे उरलेले १६ हजार असे ७२ हजार होते. ६८ हजारांचा खड्डा लवकर भरायचा तर शेअरनं जमणार नाही असं त्यांना वाटलं. खात्यात ऑप्शन्सचा विभाग मे महिन्यापासून उघडाच होता.

निफ्टीच्या ऑप्शन्सचा एक लॉट, म्हणजे कमीत कमी घ्यावा लागणारा गठ्ठा, तेव्हा ७५ चा होता. प्रीमियम, म्हणजे ऑप्शनची किंमत, ६० रुपये असेल तर ४,५०० रुपयांत सौदा. साप्ताहिक मुदत गुरुवारी संपायची. काका जेवणाच्या सुट्टीत बाहेर येऊन, जिथे रेंज मिळते त्या गेटपाशी उभं राहून कॉल (भाव वाढेल असा सौदा) किंवा पुट (भाव पडेल असा सौदा) घ्यायचे आणि परत कामावर जायचे. साडेतीनला मुदत संपली की त्यांनी घेतलेलं बहुतेक वेळा शून्यावर असायचं. मुदतीच्या दिवशी ऑप्शनची किंमत तासातासानं झिजते. अंदाज बरोबर आला तरी उशिरा आला तर पैसे जातात. भट्टीवर उभ्या असलेल्या माणसाला हे कसं जमावं?

फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत ६२ हजार गेले. उसाची पहिली उचल आली होती, त्यातले ३० हजार त्यांनी खात्यात टाकले. त्यातलेही १२ हजार गेले. ऑप्शन्समध्ये एकूण ७४ हजार. टिपच्या शेअरनं चार महिन्यांत नेले त्यापेक्षा जास्त, निम्म्या वेळात.

मार्च २०२५: समोरचे पर्याय

दोघं माझ्याकडे आले तेव्हा बाजारही पडलेला होता. सप्टेंबरमध्ये २६,२०० च्या वर गेलेला निफ्टी मार्चच्या सुरुवातीला २२,१०० च्या आसपास होता. काकांच्या दोन चांगल्या शेअर्सचे ६० हजारांचे ५३ हजार झाले होते, रोख २८ हजार होती. भरलेले २ लाख ३० हजार, उरलेले ८१ हजार.

काकींना हे चारच दिवसांपूर्वी कळलं होतं. पतसंस्थेतली दीड लाखाची पावती मार्चअखेर सुटणार होती. ती नूतनीकरण न करता पैसे काढायचं काका म्हणाले तेव्हा त्यांनी कारण विचारलं. माझ्यासमोर त्या फार बोलल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, “दोन वर्षं मी भिशी भरलो ते पोरीसाठी. मला इचारायचं तरी.” मला या प्रकरणातलं सगळ्यात महत्त्वाचं वाक्य हेच वाटतं.

टेबलावर चार वाटा होत्या. काकांची अशी की दीड लाख घ्यायचे आणि आता ऑप्शन विकायचे, कारण ग्रुपवाल्यांच्या मते विकणारा कमावतो. विकणाऱ्याला मार्जिन, म्हणजे आगाऊ अनामत, मोठं लागतं आणि तोटा प्रीमियमपुरता मर्यादित राहत नाही, हे ग्रुपवर कुणी लिहिलं नव्हतं. मी त्यांच्यासमोर सेबीचा सप्टेंबर २०२४ चा अभ्यास ठेवला. २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन वर्षांत एफ अँड ओ करणाऱ्या वैयक्तिक गुंतवणूकदारांपैकी ९३ टक्के तोट्यात, एकत्रित तोटा १.८ लाख कोटींच्या वर. खर्च वजा जाता लाखाच्या वर नफा मिळवणारे फक्त १ टक्का. त्यातला आणखी एक भाग काकांना जास्त भिडला: मोठ्या संस्थांनी कमावलेला बहुतेक नफा संगणकी अल्गोरिदमनं केलेल्या सौद्यांतून आलेला आहे. गेटपाशी उभं राहून आपण कुणाच्या समोर बसलो होतो, हे त्यांना तेव्हा कळलं.

काकींचं म्हणणं, सगळं विका आणि खातं बंद करा. त्यांचा संताप रास्त होता. पण बँक आणि औषध कंपनीनं त्यांचं काही वाईट केलं नव्हतं. पडलेल्या बाजारात ५३ हजारांना ते विकले असते तर उरलेलाही तोटा पक्का झाला असता, आणि त्या पैशाची लगेच गरजही नव्हती. पुतण्या फोनवर होता. तो आधी म्हणाला की तोटा मी माझ्या पगारातून भरून देतो. काकांनी ते ऐकूनच घेतलं नाही. मग तो म्हणाला, दागिन्यांवर सोनेतारण घेऊन पडलेल्या भावात चांगले शेअर घेऊया. हा पर्याय मी सगळ्यात धोक्याचा मानते. त्यात शेअर चांगले असतात आणि बाजार खरंच खाली असतो, म्हणून तो शहाणपणाचा वाटतो. पण कर्जाच्या पैशाला व्याजाची आणि परतफेडीची तारीख ठरलेली असते.

चौथी वाट ठरवण्याआधी मी एक कागद घेतला आणि घरातल्या प्रत्येक रकमेपुढे ती कधी लागणार ते लिहायला सांगितलं. पावसाळ्याआधी पत्रे बदलायचे, २५ हजार, मे. प्रवेश आणि पहिल्या वर्षाची फी, अंदाजे १ लाख २० हजार, कॅप राउंड (सरकारी प्रवेशफेऱ्या) संपतील तेव्हा, म्हणजे ऑगस्ट-सप्टेंबर. दुसऱ्या वर्षाची फी, २०२६. आजारपण किंवा काम सुटलं तर हाताशी लाखभर, कधीही. इतकं लिहून झाल्यावर तारीख नसलेला पैसा उरला तो एवढाच: ते दोन शेअर आणि दर महिन्याला वाचू शकणारे ३ हजार. बाजारात जाण्याजोगे पैसे या घरात पहिल्यापासून तेवढेच होते. मे २०२४ मध्ये ते दोन लाख वाटले होते.

काय केलं

ऑप्शन्सचा विभाग त्याच दिवशी ॲपमधून बंद केला. नॉमिनी म्हणून काकींचं नाव घातलं. खात्याचा मोबाइल नंबर आणि ईमेल काकांचा केला, त्यामुळे ओटीपी आणि महिन्याचं एकत्रित खातेपत्रक आता त्यांच्याकडे येतं. ते पत्रक डिपॉझिटरी पाठवते, दलाल नव्हे. आपले शेअर खरंच आपल्या नावावर आहेत का, हे तपासायचा तो सरळ मार्ग आहे.

ग्रुप सोडला. पुढे कुणी सल्ला द्यायला आलं तर त्याचा सेबी नोंदणी क्रमांक मागायचा. सल्लागाराचा आयएनए नं सुरू होतो, संशोधन विश्लेषकाचा आयएनएच नं. तो सेबीच्या संकेतस्थळावर नावासकट जुळवून बघायचा.

दीड लाखाची पावती सुटल्यावर ते पैसे बँकेत सहा महिन्यांच्या ठेवीत ठेवले. बँकेतल्या ठेवीला ५ लाखांपर्यंत विमा असतो, पतसंस्थेतल्या ठेवीला तो नसतो, हे दोघांनाही माहीत नव्हतं. पत्र्यांचे पैसे खात्यातल्या रोखीतून काढले. महिना ३ हजारांची एसआयपी, म्हणजे दरमहा ठरावीक गुंतवणूक, निफ्टी ५० च्या एका इंडेक्स फंडात (निर्देशांकातल्याच कंपन्यांत पैसे ठेवणारा फंड), डायरेक्ट प्लॅनमध्ये (मधला एजंट नसलेला) सुरू झाली. फंडाचं नाव मी सुचवलं नाही. खर्चाचं प्रमाण कमी आणि निर्देशांकाशी जवळून चालणारा एवढं बघायला सांगितलं, निवड मुलीनं केली.

मला सगळ्यात समाधान दिलेला भाग मात्र एका रविवारच्या दुपारचा आहे. टिपच्या त्या कंपनीचा वार्षिक अहवाल कंपनीच्या संकेतस्थळावर होताच, कुणी उघडला नव्हता. तो काकांना वाचायला लावला. इंग्रजी अहवाल, दीडशे पानं, म्हणून ते बिचकले. मी म्हटलं, चारच ठिकाणं बघा: विक्री किती, येणं किती बाकी, धंद्यातून रोख किती आली, आणि प्रवर्तकांनी, म्हणजे कंपनीच्या मूळ मालकांनी, शेअर गहाण ठेवलेत का. काकांनी येणं बाकीचा आकडा बघितला आणि थांबले. वर्षाच्या विक्रीपेक्षा येणं जास्त होतं. “माल गेला म्हणत्यात आणि पैसा आलाच न्हाई? आमच्यात असं झालं तर तिसऱ्या म्हैन्याला भट्टी बंद हुईल.” मग त्यांनी स्वतःहून कामगारांची संख्या शोधली. नऊ. “नऊ माणसांत एवढा माल? आमच्या नुसत्या फेटलिंगला ह्याच्या तिप्पट माणसं लागत्यात.” प्रवर्तकांचे निम्म्याहून जास्त शेअर गहाण होते.

ताळेबंद वाचायचं हे शिक्षण त्यांना वीस वर्षं कारखान्यात मिळतच होतं. ते शेअरलाही लागू पडतं, हे कुणी सांगितलं नव्हतं. शिरोलीत, गोकुळ शिरगावात, उद्यमनगरात काम करणारी हजारो माणसं माल, उधारी आणि रोखीचं नातं कोणत्याही ग्रुपवाल्यापेक्षा जास्त जाणतात, असं माझं ठाम मत आहे.

निष्पत्ती

मुलीचा प्रवेश झाला आणि फी ठेवीतून वेळेवर भरली. विवरणपत्र मुदतीत गेलं. २०२४-२५ च्या विवरणपत्राची मुदत वाढून सप्टेंबरपर्यंत आली होती, तरी आम्ही वाट बघितली नाही. ऑप्शन्स केले की पगारदाराचं साधं विवरणपत्र चालत नाही, आयटीआर-३ भरावं लागतं, कारण ते धंद्याचं उत्पन्न धरतात. तो ७४ हजारांचा तोटा पगारातून वजा होत नाही. ठेवींच्या व्याजातून थोडा झाला. उरलेला आठ वर्षं पुढे नेता येतो, पण फक्त धंद्याच्या उत्पन्नासमोर, आणि काका ते सौदे पुन्हा करणार नसतील तर त्याचा उपयोग नाही. टिपच्या शेअरचा ६८ हजारांचा अल्पकालीन भांडवली तोटा मात्र पुढच्या आठ वर्षांत शेअर किंवा फंडाच्या नफ्यातून वजा करता येईल. मुदत चुकली असती तर हाही हक्क गेला असता.

गेलेले पैसे परत आलेले नाहीत. १ लाख ४२ हजारांचा तोटा प्रत्यक्षातला आहे, आणि महिना ३ हजारांच्या एसआयपीनं तेवढी रक्कम नुसती जमा व्हायलाच चार वर्षं लागतील. काकींनी नवी भिशी लावली आहे आणि ती काकांच्या बँक खात्यात येणार नाही, असं त्यांनी आधीच सांगून ठेवलं आहे.

कुठे वेगळं करता आलं असतं

पहिली जागा मे महिन्यातली. काकांनी भिशीच्या पैशाला हात लावण्याआधी काकींना विचारलं असतं तर १ लाख २० हजार बाजारात गेलेच नसते. स्वतःच्या ८० हजारांतून ६० हजारांचे दोन शेअर घेऊन ते थांबले असते, तर ७ हजारांच्या कागदी तोट्यावर हे प्रकरण मिटलं असतं. खातं उघडून देणाऱ्यानंही ज्याचं खातं त्याचाच नंबर, नॉमिनी आणि फक्त शेअरचा विभाग एवढं पाळायला हवं होतं. पुतण्याचा हेतू चांगला होता, यात मला शंका नाही.

दुसरी जागा टिपच्या शेअरची पहिली खरेदी. त्या दिवशी कंपनी काय बनवते, हे काकांना एका वाक्यात सांगता येत नव्हतं. तेवढा एक निकष पुरला असता. भाव ४४ ला असताना विकायला हवं होतं असं अनेकांना वाटेल. मला ते तितकं महत्त्वाचं वाटत नाही, कारण तिथे सुटले असते तर ५२ हजारांच्या नफ्यासकट ते पुढच्या टिपमध्ये गेले असते, बहुधा जास्त पैसे घेऊन.

तिसरी जागा डिसेंबर, आणि इथे मी सगळ्यात जास्त रेंगाळते. तोटा पक्का झाल्यावर लगेच भरून काढायचा नाही, दोन-तीन महिने काहीच करायचं नाही, असं आधी ठरलेलं असतं तर निम्म्याहून जास्त पैसे वाचले असते. असा नियम तोट्याच्या दिवशी सुचत नाही. तो खातं उघडतानाच घरात सगळ्यांसमोर ठरवावा लागतो. काका-काकींनी आता तो वहीच्या पहिल्या पानावर लिहिला आहे: कोणत्याही एका शेअरमध्ये १० हजारांच्या वर नाही, तोटा झाला तर तीन महिने नवी खरेदी नाही, आणि काढताना-टाकताना दोघांच्या सह्या.

एक गोष्ट अजून अर्धवट आहे. काकांचा टर्म विमा उतरवायचा राहिला आहे. घर एका पगारावर चालतं, म्हणून खरं तर तो एसआयपीच्या आधी व्हायला हवा होता. वैद्यकीय तपासणी झाली आहे, कागद कंपनीकडे आहेत. तो मंजूर झाला की हप्त्याचे पैसे ३ हजारांतूनच काढायचे आणि एसआयपी तेवढी कमी करायची, असं आमचं ठरलं आहे.